जो बोलेल तो दिसेल

भीमनगरातल्या चंपाबाईंची सुलेखा एका जागी गप बसलीये, असं दृश्य आजवर कुणी पाहिलेलं नाही. रिक्षा सिग्नलला थांबली की हिचा पाय हलायला लागतो. दूध तापायला ठेवलं की ही गॅस मोठा करून पातेल्याकडं डोळे वटारून बघत बसते, दूध हिला घाबरून लवकर वर येणार आहे असं. आईनं एखाद्या मावशीच्या दुखण्याची गोष्ट सांगायला घेतली की हिचं सुरू: "पुढं? मग? ॲडमिट केलं का नाय, तेवढं सांग." चंपाबाई वैतागायच्या. म्हणायच्या, "बाई गं, माणसं म्हंजी काय तुझी कॅसेट हाय का, पुढं पळवायला?"

स्वभावाला औषध नसतं म्हणतात ते खरंच आहे. पण गंमत बघा, ज्या धंद्यात ती पडली त्या धंद्यात हा अवगुणच तिचा मोठा गुण ठरला. औरंगपुऱ्यात अभयचा लग्नाच्या शूटिंगचा स्टुडिओ आहे. सुलेखा तिथं मिक्सिंग करते. हल्ली तिला एडिटर म्हणतात, पण गिऱ्हाईक अजून "मिक्सिंगवाली ताई कुठंय?" असंच विचारत येतं. बाकीचे मिक्सिंगवाले एका लग्नाला महिना लावायचे. लग्न लागून पाळण्याची तयारी सुरू झाली तरी पोरीच्या घरी पेन ड्राइव्ह पोचलेला नसायचा. सुलेखाच्या हाताखालून तेच लग्न आठवड्याच्या आत बाहेर पडायचं.

हे काही जादूनं होत नव्हतं. तिनं सगळ्यात आधी माउस उचलून ड्रॉवरमध्ये टाकला होता. "हात इकडून तिकडं न्यायचा, बाण शोधायचा, मग दाबायचं. एवढ्यात माझा एक कट होतो," असं तिचं म्हणणं. सगळं काम कीबोर्डवर. एका बोटानं पुढं पळव, दुसऱ्यानं थांबव, तिसऱ्यानं नको ते मागून छाट, चौथ्यानं पुढून छाट. जड व्हिडिओवर थेट काम करून कॉम्प्युटरला धाप लागू द्यायची नाही. आधी त्याच्या हलक्या कॉप्या काढायच्या, काम त्यांच्यावर करायचं आणि शेवटी अस्सल माल जोडायचा. लग्नाचे साचे तयारच. हिंदू लग्नाचा वेगळा, बौद्ध लग्नाचा वेगळा, निकाहचा वेगळा. अक्षता कुठं पडणार, वंदना कुठं सुरू होणार, "कुबूल है" कुठं येणार, सगळ्याला आपापली जागा. नवं लग्न आलं की साच्यात ओतायचं.

आणि यंदा तिनं एक नवीन कळ बसवली होती. तिचा तिला फार अभिमान. वेगवेगळ्या कॅमेऱ्यांचं चित्र आणि वेगवेगळ्या माइकचा आवाज एकत्र लावायचा आणि सॉफ्टवेअरला सांगायचं, ज्याचा आवाज येतोय त्याचं चित्र घे. जिथं कुणाचाच आवाज नाही, तो भाग बाजूला काढ. झालं! तासन्‌तासाचं शूटिंग चहा होईपर्यंत निम्म्याच्या खाली यायचं. लोकांच्या जांभया, रिकाम्या खुर्च्या, भटजींचं सामान शोधणं, सगळं आपोआप गळून जायचं. स्टुडिओतल्या पोरींना ती शिकवायची, "ध्यानात ठेवा, जो बोलेल तो दिसेल." पोरी माना डोलवायच्या. नियम सोपा होता, त्यात वावगं काही कुणाला वाटलं नाही.

अशात अभयनं एक उद्योग अंगावर घेतला. लासूर स्टेशनला दुपारचं लग्न, आणि संध्याकाळी मुलाकडच्यांचं रिसेप्शन इकडं शहरात, बीड बायपासवरच्या लॉनवर. अभयनं मुलाकडच्यांना सांगून टाकलं, "दुपारच्या लग्नाचा पिच्चर संध्याकाळी रिसेप्शनला मोठ्या पडद्यावर दाखवतो." त्यांना वाटलं हा थापा मारायलाय. अभय म्हणाला, "आमच्याकडं सुलेखा हाय." झालं, हिला हरभऱ्याच्या झाडावर चढवलं की काम फत्ते, हे त्याला चांगलं ठाऊक. सुलेखा वरवर चिडली, आतून मात्र फुलली. चंपाबाई सकाळी डबा देताना म्हणाल्या, "लग्न तिचं अन् उतावळी तू. गुडघ्याला बाशिंग बांधून चालली बघा!"

लासूरच्या मंगल कार्यालयात ती कोपऱ्यात लॅपटॉप मांडून बसली. शूटिंग करणारा सोमनाथ कार्ड भरलं की आणून द्यायचा, ही ते ओतून घ्यायची आणि कामाला लागायची. हळदीच्या बायका गाणं म्हणतायत, हिचं छाटणं सुरू. नवरदेव घोड्यावरून उतरला नाही तोवर त्याची वरात इकडं कापून तयार! पंगतीतून कुणीतरी बुंदीचं ताट आणून ठेवलं, त्यातली बुंदी एका हातानं तोंडात आणि दुसरा हात कीबोर्डवर. मंगलाष्टकं सुरू होती तेव्हा तिनं मान वर करून एकदा स्टेजकडं पाहिलं, तेही घड्याळ तिथं लावलेलं होतं म्हणून.

अभयच्या स्टुडिओची एक पद्धत आहे. एक छोटा माइक नवरदेवाच्या शेरवानीला आणि एक नवरीच्या बापाच्या जाकिटाला, सकाळीच आतून लावून टाकायचा. नवरीचा बाप पाठवणीच्या वेळी काहीतरी बोलतोच. त्याचा आवाज फुटतो, हुंदका येतो, आणि तेवढ्या एका वाक्यावर सगळा व्हिडिओ तरून जातो. सोमनाथनं पद्धतीप्रमाणं नवरीच्या बापाच्या, म्हणजे तात्यासाहेबांच्या जाकिटाला माइक लावला. तात्यासाहेबांनी मान हलवून लावूही दिला. मागच्या वर्षी त्यांना लकवा मारला होता, उजवा हात लुळा पडला होता आणि वाचा गेली होती, हे सोमनाथला कुणी सांगितलं नाही आणि त्यानंही विचारलं नाही. सुलेखाला तर विचारायला सवडच नव्हती.

पाठवणी झाली आणि गाड्या शहराकडं निघाल्या. सुलेखा मागच्या सीटवर, मांडीवर लॅपटॉप. तिनं कळ दाबली. नवरीच्या बापाच्या आवाजाची पट्टी पडद्यावर बघितली. माणूस बोलला की तिच्यावर काटे उठतात, ही तर सपाट. माइक बंद पडला असणार, सोमनाथ असाच धांदरट, असं पुटपुटत तिनं ती पट्टी बंद करून टाकली. सॉफ्टवेअरनंही आपलं काम चोख केलं. जे बोलले ते राहिले. माळीवाड्याच्या पुढं रस्त्याचं काम निघालं होतं, गाडी खड्ड्यातून उसळत होती, रस्त्याकडेला "अति घाई संकटात नेई" अशी पाटी होती. ड्रायव्हरनं ती मोठ्यानं वाचून दाखवली. सुलेखा म्हणाली, "भाऊ, तू पुढं बघून गाडी चालव."

लॉनवर पोचली तेव्हा पिच्चर जवळपास उभा होता. स्टेजच्या बाजूच्या खोलीत तिला टेबल मिळालं. गाणं बसलं, रंग बसले, नावं बसली. बाहेर पाहुणे यायला लागले होते, डीजे घुमत होता. अभय दर थोड्या वेळानं दारातून डोकं आत घालायचा, "झालं का? अरे यार, जल्दी कर ना!" ती मान न वळवता म्हणायची, "झालंच."

तेवढ्यात नवरीच आत आली. तनुजा. जांभळा शालू सावरत, मागं कुणी नाही बघून तिनं दार लोटलं.

"ताई, एक विचारू का? तात्या आलेत ना नीट?"

"कोण तात्या?"

"माझे वडील."

"आलेत की," सुलेखा म्हणाली. बोटं कीबोर्डवरच होती. "मस्त आलेत."

तनुजा तिथंच घुटमळली. "तुम्हाला सांगते ताई, लकव्यापासनं त्यांना बोलता येत नाय. आधी गावात कुणाचंबी लग्न असू द्या, तात्याच सगळ्यात पुढं. अन् आज माझ्या लग्नात दिवसभर सगळ्यांच्या मागं राहिले. कुणी 'काय तात्यासाहेब' म्हटलं तर उत्तर काय द्यावं, म्हणून. कुणाच्या ध्यानातबी आलं नाय. निदान पिच्चरमध्ये तरी सगळ्यांला दिसू द्या त्यांला. नवरीचा बाप हाय मनून." एवढं बोलून तिनं डोळे टिपले, काजळ बिघडलं का ते मोबाईलमध्ये पाहिलं आणि गेली.

सुलेखाची बोटं थांबली. सपाट पट्टी. माइक बंद नव्हता तर!

तिनं पिच्चर पहिल्यापासून पळवला. काका होते, मामा तीनदा होते. नवरदेवाचा एक मित्र, ज्याचं नावही कुणाला माहीत नसेल, तो प्रत्येक ठिकाणी दात काढून हजर होता, कारण तो दिवसभर ओरडत होता. तात्यासाहेब एका ठिकाणी होते. म्हणजे त्यांचा खांदा होता. अर्धा.

आपण त्या पोरीला तोंडावर "मस्त आलेत" म्हणालो! आपल्या नियमानं एका बापाला त्याच्या पोरीच्या लग्नातून उचलून बाहेर टाकलं होतं, आणि आपण खड्ड्यातून उसळत सोमनाथला धांदरट म्हणत होतो. तिला स्वतःची लाज वाटली आणि सोमनाथचा राग आला. मग सोमनाथचा राग आला म्हणून पुन्हा स्वतःची लाज वाटली.

बरं, काढून टाकलेला माल ती पुसत नसे, बाजूला ठेवत असे. तिनं तो सगळा परत ओढला. आणि अहो, काय सांगावं, तिथं दुसरंच लग्न होतं! मांडवाच्या खांबाला टेकलेले तात्यासाहेब. डाव्या हातानं पाहुण्यांना पाण्याची बाटली देणारे तात्यासाहेब. अक्षता डाव्या हातात धरून उभे. टाकायची वेळ झाली तेव्हा नेम चुकून पुढच्या माणसाच्या टोपीवर पडल्या, तर एकटेच हसले. सुलेखा भराभर उचलत गेली, बसवत गेली. खांद्याच्या जागी चेहरा बसला, ओरडणारा मित्र निघाला. बोटं आता आधीपेक्षा जोरात चालत होती.

शेवटी पाठवणी. गाडीजवळ तनुजा वाकली. तात्यासाहेबांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला, तोंड उघडलं, ओठ हलले, मान ताणली गेली आणि तोंड मिटलं. मागं बँड वाजत होता. बोलले की काय? तिनं कानावर हेडफोन चढवले, त्यांच्या माइकची पट्टी चालू केली, आवाज वाढवला. नुसता श्वास.

पण आवाज वाढवल्यावर सपाट पट्टी आता सपाट राहिली नव्हती. सकाळच्या भागात बारीक बारीक काटे दिसत होते. तिनं चौपट वेगानं पळवलं, तर नुसती चिरचिर. दुप्पट केलं, काही कळेना. नाइलाजानं तिनं नेहमीच्या वेगावर लावलं, जे ती कधीच करत नसे.

दार लावल्याचा आवाज. भांड्याला भांडं लागलं. कोठीची खोली असावी. मग श्वास. मग "त." बराच वेळ काही नाही. "त... त..." पुन्हा श्वास, आता रागाचा. सुलेखाचा पाय टेबलाखाली हलत होता, बोट पुढं पळवायच्या कळेवर होतं. "त...नू." थांबून पुन्हा, "तनू." मग सु, मग सुख. कुणीतरी बाहेरून दार वाजवलं, तात्यासाहेब गप्प झाले. तो माणूस गेल्यावर पहिल्यापासून सुरू. त पासून.

पंगती उठत होत्या तेव्हा, सगळ्या गोंगाटाच्या मागं, त्या खोलीत, एकदाच ते सलग आलं. जड, वाकडं, पण आलं. "तनू. सुखात ऱ्हा."

दिवसभर तालीम केली होती माणसानं. आणि ऐन वेळेला, पोरीच्या डोक्यावर हात ठेवून, ते निघालं नाही.

सुलेखाला रडू आलं, पण रडायला वेळ कुठं होता? बाहेर डीजेवाला विचारत होता, पडदा लावू का. तिच्या बोटांनी आपल्या सवयीनं काम केलं. कोठीतला आवाज उचलला, पाठवणीच्या चित्राखाली ठेवला, ओठाला ओठ जुळवला, बँड खाली केला. निमिषात झालं. पाहिलं, तर तात्यासाहेब गाडीजवळ उभे राहून पोरीला म्हणतायत, तनू, सुखात ऱ्हा. कुणाच्या बापाला कळलं नसतं जोडलंय म्हणून.

अभय मागं येऊन उभा होता. "अगं, हे तर सोनं हाय सोनं! म्हातारा बोलतोय! अख्खं लॉन रडतंय बघ आता. टाक, टाक लवकर!"

"ते तिथं बोललेच नाय, अभय."

"मग काय झालं? आवाज त्याचाच हाय, पोरगी त्याचीच हाय. तू कामून येवढा इचार करायलीस? लोक वाट बघायलेत!"

त्याचंही बरोबर होतं, हीच तर पंचाईत. सुलेखा उठली, बसली, पुन्हा उठली. एक कळ दाबायची होती. अशा कळा ती दिवसात हजारदा दाबत होती. पण त्या माणसानं दार लावून घेतलं होतं. कुणी ऐकू नये म्हणून लावलं होतं. आणि आपण ते मोठ्या पडद्यावर उघडणार, तेही त्याला जे जमलं नाही ते जमलं असं दाखवून. तो स्वतः समोर बसून बघणार. तिनं कोठीतला तो सगळा आवाज मोबाईलवर घेतला, लॅपटॉप उचलला, हेडफोन गळ्यात टाकले आणि निघाली.

"ए, कुठं चाललीस? सुलेखा! ए बाई!"

तात्यासाहेब शेवटच्या रांगेत, पाण्याच्या जारपाशी बसले होते. नवं जाकीट, फेटा जरा तिरका. सुलेखा शेजारच्या खुर्चीत बसली. "तात्यासाहेब, मी मिक्सिंगवाली. सकाळी तुमच्या जाकिटात माइक होता. त्यात काहीतरी आलंय. तुमचं तुम्ही आधी ऐका." तिनं हेडफोन त्यांच्या कानावर ठेवले आणि लॅपटॉपवर जोडलेली पाठवणी दाखवली.

त्यांनी पाहिलं. आधी काही कळलं नाही, मग कळलं. चेहरा लाल झाला. डावा हात उठला आणि त्यांनी पंजा सरळ पडद्यावर ठेवला, स्वतःच्या तोंडावर. मान हलवली. नाही. दोनदा, तीनदा, जोरानं नाही.

"काढते," सुलेखा म्हणाली. "आत्ता काढते, तुमच्यासमोर." तिनं आवाज काढला. पाठवणीचं चित्र तसंच ठेवलं, न कापता, त्यांनी हात ठेवला तिथपासून उचलला तिथपर्यंत. तेही त्यांना दाखवलं. ते बघत राहिले. मग मान डोलावून हो केलं.

धापा टाकत आलेल्या अभयच्या हातात तिनं लॅपटॉप कोंबला. "हे घे, हेच फायनल. आत नेऊन सोड, पळ." तो शिव्या पुटपुटत पळाला.

तात्यासाहेबांनी तिची ओढणी ओढली. हेडफोनकडं बोट दाखवलं. मग स्टेजकडं.

"तनुजाला ऐकवू?"

मान हलली, हो. आणि पुन्हा बोट हेडफोनवर: यातून. तिलाच. बाकी कुणाला नको.

आता रिसेप्शनच्या ऐन गर्दीत, आहेर घेऊन रांग लागलेली असताना, स्टेजवरून नवरी उतरवून आणणं म्हणजे काय खाऊ आहे का! पण सुलेखाचा धसमुसळेपणा इथं कामाला आला. फोटोवाल्याला ढकलून, एका आत्याबाईचं बोलणं अर्ध्यात तोडून तिनं तनुजाचा हात धरला. "चल. तात्या बोलवायलेत." नवरदेव बिचारा पुष्पगुच्छ धरून एकटाच हसत उभा राहिला.

तनुजा घाबरून आली. "काय झालं तात्या? बरं वाटत नाय का?" तात्यासाहेबांनी तिला बसवलं आणि हेडफोन स्वतः, एका हातानं, तिच्या गजऱ्यावरून कानावर चढवायला घेतले. एक बाजू अडकली, निसटली. सुलेखाचे हात शिवशिवले, तिनं ते मांडीखाली दाबून धरले. त्यांनी पुन्हा घेतले, बसवले. मग सुलेखानं मोबाईल काढला. कोठीचं दार लावल्यापासून सगळं होतं त्यात, प्रत्येक त, प्रत्येक धाप. काहीच छाटलं नव्हतं. तिनं सुरू केलं.

तनुजा ऐकत होती. आधी तिच्या कपाळाला आठी पडली, मग ती बापाकडं बघायला लागली, मग बघतच राहिली. तात्यासाहेब जमिनीकडं बघत होते. लांबच लांब चाललं होतं ते. सुलेखाला एकदाही "पुढं?" म्हणावंसं वाटलं नाही.

तिकडं स्टेजवर पडदा लागला. पिच्चर सुरू करायचा म्हणून डीजेवाल्यानं गाणं बंद केलं आणि सगळं लॉन एकदम शांत झालं. तनुजाच्या कानावर जाड हेडफोन होते, तिला त्यातलं काय कळणार! आपण किती मोठ्यानं बोलतोय याचीही तिला शुद्ध नव्हती.

"राहीन तात्या!" ती ओरडली. "राहीन! सुखात राहीन मी!"

अख्खं लॉन खुर्च्या करकरवत मागं वळलं. आणि तात्यासाहेब गडबडले, डाव्या हाताचं बोट ओठावर ठेवून पोरीला दटावायला लागले, अगं हळू, हळू बोल.